'पाच' की 'पाव'? दगड वाचणाऱ्या हातांविषयी

कातळपान

गेल्या रविवारी आम्ही तिघं रायगड जिल्ह्यातल्या एका गावात गधेगाळीचा ठसा घ्यायला गेलो होतो. गावाचं नाव मुद्दाम देत नाही. दगड शेताच्या बांधावर उघडा पडलाय आणि त्याची नोंद अजून व्हायची आहे.

ज्यांनी गधेगाळ पाहिली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात : वर चंद्र-सूर्य, मधे लेख, खाली गाढव आणि स्त्री. वरच्या चित्राचा अर्थ, चंद्र-सूर्य आहेत तोवर हे दान चालेल. खालच्याचा अर्थ, जो कुणी हे मोडेल त्याच्या आईवर ही वेळ येईल. ज्याला अक्षरओळख नव्हती त्यालाही हा दगड कळायचा. मधला लेख मात्र आज गावात कुणालाच लागत नाही, आणि आमचंही घोडं तिथेच अडलंय.

सातव्या ओळीत 'द्राम' स्वच्छ दिसतं. कोकणावर राज्य करणाऱ्या शिलाहारांच्या काळातलं नाणं ते. पुढे 'पा'. आणि त्यापुढचं अक्षर 'च' की 'व'? माझे दोघे सोबती 'च' म्हणतात, मी 'व' म्हणतोय. म्हणजे पाच द्राम की पाव द्राम. आठ-नऊशे वर्षांपूर्वी कुणीतरी देवाला काय दिलं, ते एका अक्षराच्या पोटात अडकलंय.

ठसा कसा घेतात हे बरेच जण व्यनि (व्यक्तिगत निरोप) करून विचारतात, म्हणून इथेच लिहितो. दगड आधी साध्या पाण्याने आणि मऊ ब्रशने धुवायचा. शेवाळ नखाने किंवा तारेच्या ब्रशने खरवडायचं नाही. मग हातकागद पाण्यात भिजवून दगडावर पसरायचा आणि मधून कडेकडे हवा काढत न्यायचा. त्यानंतर राठ केसांच्या ब्रशने ठोकायचं, अगदी एका लयीत. कागद अक्षराच्या खाचेत बसला की ठोक्याचा आवाज बदलतो, तो ओळखू यायला मला दोन वर्षं लागली. कागद अर्धवट सुकला की काजळी आणि डिंकाची शाई कापडाच्या बोळ्याने हलकेच टिपायची. शाई वरच्या भागाला लागते, खाचेत उतरत नाही. त्यामुळे काळ्यावर पांढरी अक्षरं उठतात, आणि शाई बाहेरच्या बाजूने लावल्यामुळे ती सुलट वाचता येतात.

हे करता करता माझं एक मत पक्कं होत गेलंय आणि त्यासाठीच हा धागा आहे. लिपी वाचणं ही हातकारागिरी आहे. आपण ते पंडितांचं काम समजतो. पण अशोकाच्या लेखांची ब्राह्मी लिपी वाचणारा जेम्स प्रिन्सेप कोण होता? आधी बनारसच्या आणि मग कलकत्त्याच्या टांकसाळीत धातूचा कस पाहणारा माणूस. दिवसभर नाणी हातात, वजन, घासणं, किनार तपासणं. सांचीच्या कठड्यांवरच्या छोट्या छोट्या लेखांच्या नकला कॅप्टन एडवर्ड स्मिथने त्याला पाठवल्या. त्यात प्रत्येक ओळीच्या शेवटी तीच दोन अक्षरं. देवळातल्या खांबांवर, कठड्यांवर इतक्या वेगवेगळ्या लोकांनी काय लिहून ठेवलं असेल? अमक्याचं दान, तमक्याचं दान. 'दानं'. 'द' आणि 'न' सापडले आणि १८३७ मध्ये बाकीची अक्षरं सुटत गेली. ज्याने हजारो नाणी जवळून पाहिली त्यालाच शेवटची दोन अक्षरं सारखी आहेत हे आधी दिसतं, असं मला मनापासून वाटतं.

ठसे घेणारे, मोडी वाचणारे, ताम्रपट पाहिलेले असे बरेच जण इथे आहेत. तुमचे अनुभव लिहा. आणि 'च' की 'व', तेही सांगा.

---

रानवाट

वाचनखूण साठवली. हातकागद कुठला वापरता? नेहमीचा ड्रॉइंगचा कागद मी एकदा भिजवून पाहिला, ठोकताना फाटला.

---

कातळपान

@रानवाट, लांब धाग्यांचा, खळ कमी असलेला घ्या. ड्रॉइंगचा कागद जाड असतो, खाचेत उतरत नाही. आणि कृपया संरक्षित स्मारकावर परवानगीशिवाय काहीही करू नका, पाणीसुद्धा नाही.

---

जुन्नरकर_

धागा वाचून राहवलं नाही. माझं लहानपण नाणेघाटाच्या अलीकडे गेलं. शाळेची सहल दरवर्षी तिथेच. गुरुजी रांजण दाखवायचे, 'यात जकात टाकायचे' म्हणायचे आणि आम्ही सगळे त्यात डोकं घालून ओरडायचो. आत गुहेत डाव्या-उजव्या भिंतींवर एवढं मोठं लिहिलंय, हे मला कॉलेजात गेल्यावर कळलं.

सातवाहनांच्या नागनिका राणीचा तो लेख. कुठले यज्ञ केले आणि दक्षिणा काय दिली याची यादी आहे. गाई, घोडे, हत्ती, रथ, गावं, कार्षापण म्हणजे तेव्हाची नाणी. मागच्या भिंतीवर पुतळे होते, आता फक्त पावलांच्या खुणा आहेत, पण डोक्यावरची नावं शाबूत आहेत. 'राया सिमुक सातवाहनो', 'देवि नायनिका', 'महारठि', 'कुमारो भायल'. माणसं गेली, पाट्या राहिल्या. कॉलेजात असताना पहिल्यांदा 'कुमारो' हे अक्षर अक्षर जुळवत वाचलं तेव्हा अंगावर काटा आला होता. एवढा सोपा शब्द! घरात रोज म्हणतो तो.

आता मुद्द्याचं. त्या लेखातले आकडे, एकपासून थेट वीस हजारांपर्यंतचे, समजून घेण्यात पंडित भगवानलाल इंद्रजींचा मोठा वाटा आहे. तिथे शून्य नाही. शंभराला वेगळं चिन्ह, हजाराला वेगळं, आणि हजाराच्या चिन्हाला चाराचं चिन्ह जोडलं की चार हजार. भगवानलाल जुनागढचे. गिरनारच्या वाटेवर तो प्रसिद्ध खडक आहे, ज्याच्यावर अशोक, रुद्रदामन आणि स्कंदगुप्त अशा तिघांचे लेख आहेत. प्रिन्सेपचा अक्षरांचा तक्ता मिळवून त्यांनी त्या खडकावर अभ्यास केला. विद्यापीठाची पदवी नाही. पुढे मुंबईत डॉ. भाऊ दाजी लाडांसाठी देशभर पायी, बैलगाडीने फिरून ठसे आणि नकला आणल्या. १८८२ मध्ये सोपाऱ्याचा स्तूप उघडला आणि तिथेच अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळवला. १८८४ मध्ये नेदरलँड्समधल्या लायडन विद्यापीठाने त्यांना सन्मान्य डॉक्टरेट दिली. कातळपान म्हणतात तो कारागीर म्हणजे हाच माणूस.

---

शब्दवेल्हाळ

लेख सुंदर आहे, पण मूळ मुद्द्याशी मी सहमत नाही.

हातकारागिरीने अक्षर मिळेल, अर्थ नाही. प्रिन्सेपला 'दानं' सुचलं कारण दान म्हणजे काय हे सांगणारे पंडित शेजारी बसले होते. कमलाकांत विद्यालंकार हे त्यांपैकी एक. लेखांत येणारा 'देवानं पिय पियदसि' हा कोण राजा, हे टांकसाळीत बसून कळलं नाही. श्रीलंकेतले पाली ग्रंथ वाचलेल्या जॉर्ज टर्नरने सांगितलं की तो अशोक. आणि 'अशोक' हे नाव स्पष्टपणे कोरलेला मस्कीचा लेख मिळायला १९१५ उजाडलं. शांपोलियोंने १८२२ मध्ये इजिप्तची चित्रलिपी सोडवली त्यामागे त्याला येणारी कॉप्टिक, म्हणजे जुन्या इजिप्शियनची वंशज भाषा होती. भाषा नसेल तर अक्षर नुसती रेघ आहे. आपण ठसे घेणाऱ्यांना मान देऊ या, जरूर देऊ या, पण त्यासाठी व्याकरण घोकणाऱ्यांना बाजूला सारायला नको.

---

कातळपान

@शब्दवेल्हाळ, कमलाकांतांचं नाव मी घ्यायला हवं होतं, ती माझी चूक. भाषेशिवाय अर्थ नाही हेही मान्य. माझं म्हणणं एवढंच की भाषा येणाऱ्याच्या हातात चुकीची नक्कल पडली तर तो चुकीचाच अर्थ लावणार, आणि तो अर्थ व्याकरणात चोख बसणारा असेल. 'पाव द्राम' व्याकरणात बसतं. 'पाच द्राम'ही बसतं. निवाडा दगडच करणार.

---

तिसरा_मजला

दोघांच्या मधे मला ॲलिस कोबर आठवतात. क्रीटमधल्या मातीच्या पाट्यांवरची लिनिअर बी लिपी. कोबर न्यूयॉर्कच्या एका कॉलेजात शिकवायच्या. कोणती भाषा असेल यावर त्यांनी अंदाज बांधायलाच नकार दिला. प्रत्येक चिन्ह कुठे येतं, कोणाच्या शेजारी येतं, याची हजारो कार्डं हाताने कापून तयार केली. युद्धाच्या दिवसांत कागद मिळेना म्हणून पाठकोरे कागद वापरले, आणि कार्डं सिगारेटच्या खोक्यांत लावून ठेवली. त्यातून त्यांना दिसलं की तोच शब्द शेवट बदलून येतोय, म्हणजे या भाषेत विभक्ती आहे. १९५० मध्ये त्या गेल्या. दोन वर्षांनी मायकेल व्हेंट्रिसने लिपी सोडवली, आणि ती निघाली ग्रीक. व्हेंट्रिस व्यवसायाने वास्तुविशारद.

कोबरबाई माझ्यासाठी फार मोठ्या आहेत. मी ग्रंथालयात नोकरी केली, कार्डांचे खण आयुष्यभर हाताळले. एका माणसाने एवढी कार्डं एकट्याने कापणं म्हणजे काय, हे मला बोटांत कळतं.

---

बोरू_आणि_दौत

मोडीबद्दल कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते.

मी पुण्यात मोडी शिकले, आता शिकवते. वर्गात पहिल्या दिवशी मी मुलांना वाचायला देत नाही. आधी पानभर आडव्या रेघा ओढून घेते, कारण मोडीत ओळीची रेघ आधी आणि अक्षरं नंतर, त्या रेघेला लटकलेली. मग बोरूने हात न उचलता लिहायला लावते. महिनाभर लिहिल्याशिवाय वाचन नाही. शब्द सुटे नाहीत, विरामचिन्हं नाहीत, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. डोळ्याने ते जंगल आहे. पण हाताला माहीत असतं की लेखक इथे घाईत वळला, इथे शाई संपली, इथे बोरू बुडवून नव्याने सुरुवात केली. नवी शाई दिसली की तिथे बहुतेक नवा शब्द असतो.

एक प्रसंग सांगते. एक विद्यार्थी घरचं वतनाचं कागदपत्र घेऊन आला. त्याच्या मते त्यात लिहिलं होतं की खापरपणजोबांना वडील नव्हते, कारण नावापुढे 'बिन' होतं. बिचारा फार अस्वस्थ होता, घरात कुणाला विचारायचीही सोय नाही. 'बिन' म्हणजे 'चा मुलगा' हे कळल्यावर तो वर्गातच रडला. त्या एका शब्दापुढे त्याच्या खापरखापरपणजोबांचं नाव होतं, जे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं.

तारखांचंही तसंच. 'छ' म्हणजे चंद्र, म्हणजे चांद्रमासातली तारीख. वर्ष बहुतेकदा अरबी शब्दांत, एकं-दहं-शतं अशा उलट्या क्रमाने. 'सलास सबैन मया व अलफ' म्हणजे तीन, सत्तर, शंभर आणि हजार : शुहूर सन ११७३. हे वर्ष मृगाला सुरू होतं, म्हणून मृगापासून डिसेंबरपर्यंत ५९९ मिळवायचे आणि पुढे ६००. म्हणजे इसवी सन १७७२-७३. 'मौ॥' दिसलं की मौजे, 'रा॥' दिसलं की राजश्री. हे सगळं पाठ होतं ते लिहून लिहून. @शब्दवेल्हाळ, भाषा हवीच, पण आमच्याकडे भाषाही हातातूनच येते.

---

शब्दवेल्हाळ

@बोरू_आणि_दौत, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. 'बिन'चा प्रसंग विसरणार नाही. वर्ग कधी असतो? मला यायचं आहे.

---

सिंधुतीर

सिंधू लिपी कधी सुटेल असं वाटतं? तामिळनाडू सरकारने २०२५ च्या जानेवारीत दहा लाख डॉलरचं बक्षीस जाहीर केलंय. व्हॉट्सॲपवर तर दर महिन्याला कुणीतरी ती 'वाचून' टाकतं.

---

तिसरा_मजला

@सिंधुतीर, अडचण अशी की लेख फार तोकडे आहेत, सरासरी पाच-एक चिन्हांचे. दुसऱ्या ओळखीच्या लिपीत तोच मजकूर असलेला दगड अजून मिळालेला नाही. प्रिन्सेपच्या पिढीला इंडो-ग्रीक राजांची दुभाषी नाणी मिळाली होती, इथे तसं काही नाही. इरावतम महादेवन सनदी अधिकारी होते. त्यांनी १९७७ मध्ये सगळ्या लेखांची सूची छापली आणि ४१७ चिन्हं वेगळी काढली. 

पण धाग्याच्या विषयाला धरून एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. ही लिपी उजवीकडून डावीकडे लिहीत हे ठरवताना पुरातत्त्वज्ञ ब. ब. लाल यांनी राजस्थानातल्या कालीबंगनच्या खापरांकडे पाहिलं. मडक्यावर कुणीतरी चिन्हं खरवडली होती. दोन चिन्हांच्या रेघा जिथे एकमेकींवर चढल्या होत्या, तिथे कुठली रेघ वर आहे ते पाहिलं. डावीकडची रेघ उजवीकडचीवर चढलेली. म्हणजे उजवीकडची आधी ओढली. भाषा माहीत नाही, एकही चिन्ह वाचता येत नाही, तरी चार हजार वर्षांपूर्वीच्या हाताची दिशा सापडली.

---

कातळपान

@तिसरा_मजला, हे मला माहीत नव्हतं. गेला अर्धा तास नुसता त्या खापराचाच विचार करतोय.

---

कावेरीकाठ

मी तंजावरची. आमच्या घरात अजून मराठी बोलतात, तुम्हाला थोडी वेगळी वाटेल. बृहदीश्वराच्या देवळाच्या ओवरीच्या भिंतीवर सरफोजीराजांनी १८०३ मध्ये भोसले वंशाचा इतिहास कोरवून ठेवलाय, मराठीत, देवनागरीत. फार मोठा लेख आहे. येणारे-जाणारे नंदी पाहतात, शिखर पाहतात, तिथपर्यंत कुणी येत नाही. माझे आजोबा मला बोट धरून न्यायचे आणि भिंतीवर बोट न टेकवता, वीतभर अंतरावरून, ओळ वाचून दाखवायचे. 'दगडाला हात लावायचा नाही, अक्षर झिजतं' म्हणायचे. मी मराठी वाचायला त्या भिंतीवर शिकले.

---

माणदेशी_माणूस

सगळं वाचून आनंद झाला आणि दुःखही झालं. आमच्या गावात देवळाच्या उंबऱ्याशी एक लेख होता. जीर्णोद्धाराच्या वेळी ठेकेदाराच्या माणसांनी आधी मशीनने वाळू मारून दगड 'स्वच्छ' केला आणि वर तीन हात ऑइलपेंट दिला. मी तेव्हा पुण्यात नोकरीला होतो. फोन आला तेव्हा काम संपलं होतं. कुणी वाईट हेतूने केलं नाही, सगळ्यांनी वर्गणी काढून, श्रद्धेने केलं. पण लेख गेला. माझ्याकडे त्याचा एक फोटो आहे, १९९० च्या आसपासचा, त्यात माझी धाकटी बहीण त्या उंबऱ्यावर बसलीय आणि लेखाची उजवीकडची चार अक्षरं तिच्या फ्रॉकच्या बाजूला दिसतात. तेवढीच राहिली.

---

कातळपान

@माणदेशी_माणूस, तो फोटो मोठा करून स्कॅन करा. चार अक्षरंही चार अक्षरं असतात. मला पाठवा, जमेल तेवढं बघतो.

आणि इथे सगळ्यांना हात जोडून विनंती : अक्षर उठून दिसावं म्हणून दगडावर खडू, पीठ, तेल, शेंदूर काहीही लावू नका. संध्याकाळी थांबा. किंवा दुपारी दगडावर चादर धरा आणि एका बाजूने टॉर्च आडवा मारा. कोन बदलत दहा-बारा फोटो काढा. पुसट रेघेची सावली कुठल्यातरी एका कोनात पडतेच.

---

रानवाट

मग ठसा तरी का घ्यायचा? ओला कागद ठोकून झिजलेल्या दगडाचा पापुद्रा निघत नाही का?

---

कातळपान

निघू शकतो. प्रश्न रास्त आहे. पापुद्रे सुटलेला, भुसभुशीत किंवा रंगाचे अवशेष असलेला दगड असेल तर मी ठसा घेत नाही, फक्त फोटो. घट्ट काळ्या दगडावरच घेतो, तोही एकदाच.

---

बोरू_आणि_दौत

'च' की 'व' राहून गेलं. एक सुचवते. मोडीत एखादं अक्षर अडलं की आम्ही त्याच लेखकाचं तेच अक्षर त्याच कागदावर दुसरीकडे शोधतो. पुस्तकातला तक्ता काढत नाही. शिलालेखात मजकूर लिहून देणारा एक आणि छिन्नी चालवणारा दुसरा असू शकतो. कोरणाऱ्याला वाचता येत असेलच असं नाही, पण त्याच्या हाताची सवय बदलत नाही. तुमच्या दगडावर निर्विवाद 'च' आणि निर्विवाद 'व' आहेत का?

---

भीमाकाठ

@बोरू_आणि_दौत +१.

सोलापूरजवळ हत्तरसंग कुडलला तुळईवर शके ९४० चा, म्हणजे १०१८ सालचा लेख आहे, आनंद कुंभार यांनी उजेडात आणलेला. मराठीतल्या सर्वांत जुन्या लेखांपैकी एक, अलिबागजवळच्या अक्षीचा शके ९३४ चा लेख आपल्याला पाठ असतो, हा नसतो. त्याच्या शेवटच्या ओळीचा अर्थ आहे : जो वाचील तो विजयी होईल. कोरणाऱ्यांना माहीत होतं की वाचणारा लागणार.

---

कातळपान

काल पुन्हा जाऊन आलो. बोरूताईंनी सांगितल्याप्रमाणे केलं.

तिसऱ्या ओळीत 'चैत्र' आहे, त्यात शंका नाही. पाचव्या ओळीत 'देव' आहे. संध्याकाळी सहानंतर टॉर्च डावीकडून अगदी दगडाला टेकवून धरला. या कोरक्याने 'व'चा गोल एका दमात फिरवलाय, खाच सगळीकडे सारखी खोल. 'च'ला मात्र त्याने आधी वर एक आडवा घाव घातलाय आणि मग खाली वळलाय. त्या सांध्यापाशी खाच जरा जास्त खोल आहे, तांदळाचा दाणा मावेल एवढी.

सातव्या ओळीतल्या अक्षराला तोच आडवा घाव आहे. ठशावर तो दिसत नव्हता, कारण तिथे माती घट्ट बसली होती आणि कागद आत उतरलाच नव्हता. ओल्या ब्रशने माती मोकळी केली आणि करंगळीच्या टोकाला तो खड्डा लागला. कावेरीकाठच्या आजोबांची मनातल्या मनात माफी मागून तेवढा एकदाच हात लावला.

'च' आहे. पाच द्राम. मी चुकलो होतो, माझे दोघे सोबती बरोबर होते.

शेताच्या मालकीणबाई शेजारी उभ्या होत्या. 'काय लिवलंय?' म्हणाल्या. ओळीवर बोट फिरवत, न टेकवता, वाचून दाखवलं. त्यांनी आत जाऊन सासूबाईंना बोलावून आणलं आणि मला म्हणाल्या, परत एकदा वाचा.